तीन महिन्यांची तारीख

युनियनच्या करारातली पेन्शन मिळावी म्हणून आम्ही बावीस फिटर कोर्टात गेलो. खेटे घालता घालता मी एकटाच उरलो, तोही दवाखान्यात. मी गेलो की केस मिटली.

कंपनीचा वकील सफरचंदं घेऊन भेटायला आला. मी झोपेचं सोंग घेतलं. त्याने मायेने माझं पांघरूण सारखं केलं आणि दाराशी डॉक्टरांना विचारलं, “आजोबा किती काढतील?”

“फार तर दोन महिने.”

दुसऱ्या दिवशी कळलं, त्याने कोर्टाकडून तीन महिन्यांची तारीख घेतली.

नर्सबाई सफरचंद कापायला बसल्या. म्हटलं, “राहू द्या, बाई.”

तीन महिन्यांनी कोर्टात ती काळी, पाझरणारी सफरचंदं मी त्याच्या फायलीवर ओतली.

“वकीलसाहेब, ही काही तारखेपर्यंत टिकली नाहीत.”