कंबर न उचलता

खोलीत बर्फाच्या चार पिशव्या, कापलेल्या पट्ट्यांचा ढीग आणि एकच बूट होता. बास्केटबॉलमधला आपला अखेरचा सामना त्याने जिंकून दिला होता. बाहेर लोक अजून त्याच्या नावाने ओरडत होते. तो पालथा झोपला.

"ताई, आज लबाडी नाही. खरं मोजा."

"निवृत्त झाल्यावर बरी अक्कल आली," फिजिओ म्हणाली. दर मोसमाच्या तपासणीत तो हळूच कंबर उचलायचा, म्हणजे गुडघा जास्त वाकायचा आणि संघातली जागा टिकायची. ती काणाडोळा करायची.

"लेक म्हणते, आता तरी माझ्याशेजारी जमिनीवर बसून खेळ. त्याला किती अंश लागतात?"

"एकशे तीस."

त्याने कंबर गादीला घट्ट टेकवली. तिने कोनमापक लावून पाय हलकेच दुमडला.

गुडघा अठ्ठ्याऐंशी अंश वाकला.