डावी टाच

“मॅडम, पेशंटला डावा पाय नाहीच, मग डाव्या टाचेला बेडसोर कसा?” विमावाल्याने फोन आपटला. हवेच्या गादीची मंजुरी अडकली. विम्यासाठी आजारांचे कोड भरणारी वृषाली तडक वॉर्डात गेली. गादी मिळाल्याशिवाय ती हलणार नव्हती.

पेशंट ढमढेरेकाकांच्या खाटेच्या पायथ्याशी डॉक्टर उभे होते. काकांची उरलेली एकुलती टाच चिघळली होती.

“डावीच की,” आपला डावा हात तिकडे करत डॉक्टर म्हणाले.

“ती तुमची डावी, सर! काकांची उजवी.”

“तेच म्हणतोय, डावी.”

“कापलेला पाय कागदावर परत उगवलाय माझा!” काका कण्हत म्हणाले.

वृषालीने शेजारच्या रिकाम्या खाटेवर थाप मारली. “सर, झोपा इथे, काकांसारखे. आता त्यांची दुखरी टाच जिकडे, तिकडची तुमची हलवा.”

डॉक्टरांनी हलवली. “अरेच्चा, उजवी!” पडल्यापडल्याच त्यांनी दुरुस्तीवर सही ठोकली आणि रात्रपाळीत जागलेले ते तिथेच घोरायला लागले.

दुपारी मंजुरी आली, गादीही आली. वॉर्डातल्या मावशींनी ती घोरणाऱ्या डॉक्टरांखाली सरकवायला घेतली.

वृषालीने दुसरं टोक धरून गादी खेचली. “मावशी, आधी पाय मोजा!”