नकाशातलं घर

"वहिनी, नकाशा अपडेट होईपर्यंत इंजिन बंद करायचं नाही," मेकॅनिकनं बजावलं होतं. पण जुन्या गाडीत बसून उगाच पेट्रोल जाळणं वहिनींच्या जिवावर आलं. त्यांनी मध्येच किल्ली फिरवली.

गाडी पुन्हा सुरू केली, तेव्हा स्क्रीनवरचं 'घर' पुलापलीकडच्या एका गल्लीत गेलं होतं. एरवी गाडी नवराच चालवायचा, आणि हल्ली ऑफिसातून यायला त्याला रोज उशीर व्हायचा.

"तरीच!" म्हणत वहिनी स्क्रीनवरच्या बाणामागे निघाल्या.

गल्लीच्या टोकाला बाण थांबला. समोरच्या घराच्या उघड्या खिडकीत निळे पडदे होते. डाव्या पडद्याला वहिनींनी स्वतःच्या हातानं लावलेलं ठिगळ होतं.

"मेल्यानं पडदेसुद्धा पळवले!" सकाळी ते पडदे आपल्याच घरात होते, हे त्यांना जरा उशिरा आठवलं.

त्यांनी नवऱ्याला फोन लावला. "कुठे आहात?"

"घरी," फोनमधून आणि खिडकीतून एकदमच उत्तर आलं. "स्वयंपाकघरातून फोन कसला करतेस?"

आत भांडं खाली ठेवल्याचा आवाज झाला. मग वहिनींच्याच आवाजात, वहिनींच्याच संशयानं, कुणीतरी विचारलं, "कोणाशी बोलताय हो?"