सतरा नंबरचा बोअर

संगणकाच्या पडद्यावर डोंगर गरगर फिरत होता आणि बाबा डबा उघडून लेकीची वाट बघत बसले होते.

“दोन घास खा आणि मग फिरव त्याला. डोंगर काय पळून जातोय?”

“पळूनच गेला ना, बाबा. मी दाखवला अखंड दगड आणि निघालं पाणी.”

त्या पाण्यातच, बोगद्याच्या टोकाशी मशीन चालवणारा बाबांचा धाकटा मुलगा गेला होता. तिचा एकुलता एक भाऊ. चाळीस दिवस झाले होते.

तिघंही त्या एकाच डोंगरावर कामाला. बाबा बोअर मारणाऱ्या टोळीचे मुकादम. जमिनीत खोल भोक पाडायचं, आतून दगडाच्या कांड्या काढायच्या, पेट्यांमध्ये ओळीने लावायच्या आणि किती मीटरवर काय लागलं ते कागदावर लिहायचं. ते कागद लेकीकडे यायचे. ती आकडे संगणकात भरायची आणि संगणक दोन बोअरांच्या मधले थर जुळवून अख्खा डोंगर आतून दाखवायचा. त्या चित्रावर भरवसा ठेवून धाकटा आत शिरायचा. “बाबांचा कागद, ताईचं चित्र, मला काय धाड भरलीय!” असं म्हणत सगळीकडे मिरवायचा.

लेकीची शिस्त कडक. नवा बोअर आला की संगणकात आधीच्या बोअरच्या पानाची नक्कल काढायची, म्हणजे रकाने पुन्हा आखायला नकोत, आणि त्यावर नवे आकडे चढवायचे. झालं की बाबांच्या कागदाच्या कोपऱ्यात आपली हिरव्या शाईची खूण. खुणेशिवाय एकही कागद फायलीत जात नाही, असं तिने चौकशी समितीसमोर छातीठोकपणे सांगितलं होतं. समितीने चूक शोधायला आठ दिवस दिले होते. पाच संपले होते.

“चूक माझी निघाली तर मी जगायची नाही, बाबा.”

हे ती रोज म्हणायची आणि रडायची. आज रडली नाही. बाबांनी खुर्ची तिच्याजवळ ओढली.

“कुठे गडबड वाटते तुला?”

“सोळा आणि अठराच्या मध्ये. हा सतरा नंबर. बघा.”

बाबांनी चष्मा लावला. पडद्यावरचे सोळाचे आकडे वाचले, सतराचे वाचले. मग चष्मा काढून शर्टाच्या टोकाने बराच वेळ पुसत बसले.

“जा, आधी हात धुऊन ये,” ते म्हणाले.

ती हात धुऊन आली, चार घास गिळले. बाबा डबा घेऊन गेले. मग तिने कपाटातली फाईल काढली. सोळाचा कागद होता. अठराचा होता. सतराचा नव्हता.

दोन दिवस तिने कचेरी पालथी घातली. तिसऱ्या दिवशी बाबा डबा न घेता आले आणि दारातच उभे राहिले.

“शोधू नकोस. सतरा मी मारलाच नव्हता.”

“म्हणजे?”

“मशीन बिघडलं होतं, वरून घाई चालली होती. सोळाचेच आकडे उतरवून दिले. ताडून बघ. कागद त्या दिवशी मीच नेला आणि फाडून टाकला.”

तिने ताडून पाहिलं. ओळीन् ओळ सारखी. नोंदीचा कागद फाडून विमान केलं म्हणून लहानपणी धाकट्याच्या कानाखाली वाजवणारे ते हेच बाबा.

“तुम्ही मारलंत त्याला.”

“हो.”

“पोटच्या पोराला!”

“हो. मी. तू नव्हे, एवढं लक्षात ठेव. तू नव्हे.”

तिने हात धरून त्यांना बाहेर काढलं.

समितीने कांड्यांच्या गोदामात जाऊन पाहिलं. सोळाच्या पेट्यांनंतर थेट अठराच्या. टोळीतल्या माणसांनी माना खाली घालून “हो, हो” केलं. बाबांनी जबाबावर सही केली. उभ्या आयुष्याची अब्रू एका दुपारी धुळीला मिळाली. शेजारीपाजारी त्यांना पाहून दारं लावून घ्यायला लागले, आणि लेक दुसऱ्या घरी राहायला गेली. बाबांचा फोन आला की ती तो वाजू द्यायची. वर्षभर वाजला, मग वाजेनासा झाला. बाबा गेल्याचा निरोप आला तेव्हा ती कामावर होती. कामावरच राहिली.

त्यानंतर महिन्याभराने गोदामाच्या राखणदाराने तिला गाठलं.

“ताई, गोदाम खाली करतोय. मागच्या भिंतीला चार पेट्या निघाल्या. वर तुमच्या बाबांच्या अक्षरात ‘रिकामी’ लिहिलंय, पण उचलताना माझी कंबर धरली हो! येऊन बघता का?”

बापाचं काही नको, फेकून द्या, एवढं सांगायला ती गेली. पोहोचेपर्यंत राखणदाराने झाकणं उचकटलीही होती. आत दगडाच्या कांड्या होत्या. पहिल्या तीन पेट्यांत अखंड, गुळगुळीत. चौथीत बासष्ट मीटरच्या खुणेपासून पुढे नुसता चुरा आणि पिवळी माती. प्रत्येक पेटीच्या आतल्या पट्टीवर रंगाने आकडा घातला होता. सतरा.

चुऱ्यावर एक कागद घडी घालून ठेवला होता. तो कुठेही फाटलेला नव्हता. तिने घडी उलगडली. शेवटच्या ओळीत बाबांच्या ठसठशीत अक्षरात लिहिलं होतं, ‘बासष्ट ते सत्तर मीटर. दगड फुटका. पाणी. इथून बोगदा नेऊ नये.’

आणि कोपऱ्यात हिरव्या शाईची खूण होती.