बाळाचा सीन

"बाळ झाल्यापासून तुमची भुतं फार मवाळ झालीत हं मॅडम," चॅनलचा क्षितिज टेबलापलीकडून म्हणाला आणि सगळे हसले. शर्वाणी बाळंतपणाची रजा संपवून आजच परतली होती. तिने जन्माला घातलेल्या भयमालिकेतलं तान्हं बाळ विहिरीत टाकायचं, हे तिच्या माघारी ठरूनही गेलं होतं. तिने हरकत घेतली, त्यावर हा टोमणा.

लिहायला नकार दिला तर मालिका दुसऱ्या कुणाच्या हाती जाणार. लेखकाने सीन लिहिण्याआधी तोंडी ऐकवायचा, ही इथली पद्धत. मग असा ऐकवू, की क्षितिजला स्वतःलाच सोसवणार नाही, असं तिने ठरवलं. आवाज खाली आणला. लाथा मारून सोडवलेलं दुपटं, दुधाने ओलं झालेलं लाळेरं, काठावर वाकलेली आई, आणि मग खालून कितीतरी वेळ कसलाच आवाज न येणं.

क्षितिजने तिला हातानेच थांबवलं आणि घरी फोन लावला. "अगं, छोटी झोपलीय ना? गॅलरीचं दार लावून घे." फोन ठेवून त्याने कपाळावरचा घाम पुसला. सुटलं बिचारं बाळ, शर्वाणीला वाटलं.

"कमाल!" तो म्हणाला. "माझी टरकली म्हणजे प्रेक्षकांची टरकणारच. उद्याच शूट करू. आणि मॅडम, तुमच्या बाळाचं रडणं तेवढं रेकॉर्ड करून आणा. एकदम खरं वाटेल."

शर्वाणीने पर्स खांद्याला अडकवली.

"सीन तुम्हीच लिहा," ती दारातून म्हणाली. "आणि रडवायला छोटी आहेच की तुमच्या घरी."