दीड वर्षानं थोरला

नागापूरच्या कारखान्यात आप्पासाहेब आणि अमृत एकाच दिवशी लागले. दोघांचीही जन्मतारीख शाळेत गुरुजींनी ठोकून दिलेली, एक जून, सालही तेच. त्यामुळं ज्येष्ठता यादीत बाराखडीप्रमाणे अमृतचं नाव वर लागलं, तसे आप्पासाहेब यादीपुढून हलेनात. ज्याला तीस वर्षं दमात घेतलं, तोच आता फोरमन होणार आणि नोकरीचं शेवटचं वर्ष त्याच्या हाताखाली काढायचं!

त्यांनी धावपळ करून खऱ्या जन्माचा दाखला मिळवला आणि ऑफिसात यादी करणाऱ्या मॅडमपुढं ठेवला. "मी दीड वर्षानं थोरला हाय, मॅडम. माझं नाव वर पायजे."

मॅडमनी दाखला दोनदा वाचला. "बरोबर आहे. तुम्हीच ज्येष्ठ."

आप्पासाहेबांनी घाम पुसला.



"पण मग आप्पासाहेब, तुम्ही सहा महिन्यांपूर्वीच रिटायर झालात की हो!"