फुटलेला वकील

हप्ते थकले म्हणून बँकेनं उदयसिंहाच्या इचलकरंजीतल्या यंत्रमागांवर दावा लावला होता. कोल्हापूरच्या कोर्टासमोरच्या टपरीवर त्याला आपले वकील, धम्मपाल कांबळे, बँकेच्या वसुली अधिकाऱ्याबरोबर चहा पिताना दिसले. पुढच्या तारखेलाही तेच. वर चहाचे पैसे वकीलच देत होते.

"वकील फुटलाय," घरी येऊन तो बायकोला म्हणाला. त्यानं केस काढून घेतली आणि बँकवाल्यांकडं ढुंकूनही न बघणारा दुसरा वकील दिला.

थोड्याच दिवसांत तो अधिकारी जप्तीचा हुकूम घेऊन शेडवर आला.

"कांबळे वकील कुठं हायत?"

"काढलं त्यास्नी. तुमच्यासंगं चहा प्यायचं की!"

अधिकाऱ्यानं हातातला हुकूम पुढं केला. "पावणं, ह्यो हुकूम कवाच निघालाय. दर तारखेला ते मला बाजूला घेऊन म्हणायचं, 'साहेब, माग चालू हायत तवर माणूस पैसं भागवंल, एवढा महिना थांबा.' म्हणून थांबत हुतो मी."

उदयसिंहानं शेडची किल्ली दिली. संध्याकाळी तो कांबळे वकिलांच्या दारात जाऊन उभा राहिला. पण बेल वाजवायला त्याचा हात उठेना.